वर बर्फ होतोय, खाली दूध नासतंय : फ्रिजचे दिवे आणि न येणारा गारवा

शेवंतीची_वेणी | १४ एप्रिल, सकाळी ८:१०

मंडळी, मदत हवी आहे आणि जरा घाईची आहे.

आमचा फ्रिज डबल डोअर, फ्रॉस्ट फ्री, साधारण २६० लिटरचा, सहा वर्षांचा. चार दिवसांपासून वर फ्रीझरमध्ये बर्फ नीट होतोय, पण खालच्या कप्प्यात काहीच गार राहत नाही. काल रात्री तापवून ठेवलेलं दूध सकाळी गॅसवर चढवलं, तर उकळी यायच्या आधीच कडेने फुटलं. चोथा एकीकडे, हिरवट पाणी एकीकडे. परवाचं दही इतकं आंबट की कढी करून संपवलं. कोथिंबिरीची जुडी एका रात्रीत पिवळी.

दाराबाहेर पॅनेल आहे, त्यावर चार बारीक निळे दिवे. नेहमी दोन लागलेले असतात. शनिवारी यांनी बटण दाबून चारही लावले. तरी फरक नाही. आतली लाइट लागते. मागे कॉम्प्रेसर चालू असल्याचा आवाज येतो आणि तो हल्ली थांबतच नाही. बाजूच्या पत्र्याला हात लावला तर गरम लागतो.

काल एक मेकॅनिक येऊन गेले. खालच्या कप्प्यात हात घालून पाहिला आणि म्हणाले, "गॅस संपलाय, भरावा लागेल, ३५०० होतील." मी एक दिवस मागून घेतला आहे.

खरी काळजी दुधाची नाही. सासूबाईंचं इन्सुलिन ह्याच फ्रिजच्या दारात असतं. पॅनेलवर चारही दिवे असताना आत गार का नाही, हे कुणी समजावून सांगेल का?

तीनफेज | १४ एप्रिल, सकाळी ८:५५

ताई, आधी इन्सुलिन. न उघडलेल्या बाटल्या २ ते ८ अंशांत राहायला हव्यात, आणि तुमचा खालचा कप्पा आज तेवढा गार नाही. शेजाऱ्यांच्या फ्रिजमध्ये आत्ता नेऊन ठेवा. घाईत वरच्या फ्रीझरमध्ये मात्र टाकू नका; एकदा गोठलेलं इन्सुलिन नंतर वितळलं तरी वापरायचं नसतं. चार दिवस गरमीत राहिलेल्या बाटल्या वापरायच्या की नाही, ते डॉक्टरांना विचारूनच ठरवा. आणि पुढे कधीही दारात ठेवू नका. दार उघडलं की पहिली गरम हवा तिथेच लागते. मधल्या फळीवर, मागच्या भिंतीपासून चार बोटं पुढे, डब्यात ठेवा.

आता फ्रिज. मी सांगलीत बावीस वर्षं हेच काम केलं, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

बहुतेक फ्रॉस्ट फ्री डबल डोअरमध्ये गारवा एकाच जागी तयार होतो. फ्रीझरच्या मागच्या प्लॅस्टिकच्या भिंतीआड अॅल्युमिनियमची कॉइल असते, तिथे. खालच्या कप्प्याला स्वतःचं असं काही नसतं. कॉइलजवळचा छोटा पंखा गार हवा फ्रीझरमध्ये सोडतो आणि तिच्यातली थोडी एका नळीवाटे खाली ढकलतो. त्या नळीच्या तोंडाशी एक झडप असते, तिला डँपर म्हणतात. म्हणजे खालचा कप्पा वरून येणाऱ्या हवेवर जगतो. हवा अडली की वर बर्फ कडक आणि खाली दूध नासलेलं.

गॅस कमी झाला तर फ्रीझरलाही फटका बसतो. आइस्क्रीम मऊ पडतं, बर्फाचा ट्रे अर्धवट राहतो. तुमचा बर्फ नीट होतोय, तर गॅसवर संशय घ्यायची ही वेळ नाही. शंभर टक्के कुणी लांबून सांगू शकत नाही, पण ३५०० रुपये द्यायच्या आधी पाच मिनिटांच्या चार गोष्टी बघा:

- फ्रीझरचं दार उघडा. चौकटीवर दाराने दाबलं जाणारं बटण असतं, ते बोटाने दाबून धरा. बऱ्याच मॉडेलमध्ये दार उघडलं की पंखा थांबतो, बटण दाबलं की परत सुरू होतो. आवाज येतो का? कसा येतो?
- फ्रीझरची मागची भिंत पाहा. ती कोरडी, साधी प्लॅस्टिकची दिसायला हवी. तिच्यावर पांढरा बर्फ चढलाय का?
- खालच्या कप्प्यात सगळ्यात वर, मागच्या बाजूला जाळीसारख्या फटी असतील. तिथे ओला हात धरा. वारा लागतो का?
- त्या फटींसमोर पातेलं किंवा पिशव्या तर नाहीत ना?

आणि ते चार दिवे दोनवर आणा. कारण रात्री लिहितो, आत्ता एका कामावर निघालोय.

उंबरठा | १४ एप्रिल, सकाळी ९:३०

तीनफेजदादा, आमच्याकडेही "गॅस संपला" हे वाक्य तीनदा ऐकलंय. फ्रिजमधला गॅस खरंच संपतो का? स्कूटरच्या पेट्रोलसारखा?

तीनफेज | १४ एप्रिल, दुपारी १:१५

नाही संपत. नळ्या, कॉम्प्रेसर, कॉइल हे सगळं बंद चक्र आहे. कारखान्यात भरलेला गॅस फ्रिज भंगारात जाईपर्यंत तेवढाच राहायला हवा. कमी झाला म्हणजे कुठेतरी गळती आहे. गळती न शोधता नुसता भरून दिला तर काही आठवड्यांनी पुन्हा तेच.

खरोखर भरायचाच झाला तर कारागिराने गळती शोधून बुजवली पाहिजे, ड्रायर-फिल्टर (नळ्यांतला ओलावा शोषणारा भाग) बदलला पाहिजे, पंपाने व्हॅक्यूम काढला पाहिजे आणि मग काट्यावर ग्रॅममध्ये मोजून गॅस सोडला पाहिजे. किती ग्रॅम, ते फ्रिजच्या स्टिकरवर छापलेलं असतं. हल्लीच्या बहुतेक घरगुती फ्रिजमध्ये आर ६०० ए असतो, म्हणजे आयसोब्युटेन. तो अगदी थोडा लागतो, घरगुती फ्रिजला साधारण ३० ते ८० ग्रॅम. पाच-दहा ग्रॅमचा फरकही कळतो. शिवाय तो पेट घेणारा आहे, म्हणून बंद स्वयंपाकघरात नळी कापून लगेच जोडकामाची ज्योत पेटवणारा माणूस असेल तर त्याला थांबवा.

शेवंतीची_वेणी | १४ एप्रिल, दुपारी २:४०

इन्सुलिन समोरच्या काकूंकडे ठेवलं. डॉक्टरांना फोन केला, त्यांनी उघडी आणि बंद दोन्ही टाकून नवीन घ्यायला सांगितलं, ते घेतलं.

आता तपासणी. बटण दाबल्यावर पंखा लागतो, पण आवाज साधा नाही. खर्र... खर्र... असा, कागद पंख्याच्या पात्याला लागल्यावर येतो तसा. फ्रीझरच्या मागच्या भिंतीवर खालच्या अर्ध्या भागात बर्फ आहे. नखाने खरवडला तर भुसभुशीत, खोबऱ्याच्या किसासारखा, पण त्याच्या आत टणक थर. आणि खाली फटींपाशी ओला हात धरून मी मिनिटभर उभी होते. काहीही लागलं नाही. फटींसमोर मात्र पिठाचा मोठा डबा होता, तो काढला.

तीनफेज | १४ एप्रिल, रात्री ९:२०

मग सापडलं म्हणायला हरकत नाही. तुमची कॉइल बर्फात गाडली गेली आहे. तो खर्र आवाज पंख्याचं पातं बर्फाला घासल्याचा.

असं का होतं: आपण दार उघडतो, दमट हवा आत जाते, तिच्यातलं पाणी कॉइलवर गोठतं. हे रोजचं आहे. म्हणून कॉइलच्या खाली एक हीटर बसवलेला असतो. कॉम्प्रेसर काही तास चालला की फ्रिज स्वतःच थांबतो, हीटर वीसेक मिनिटं लागतो, बर्फाचं पाणी होऊन पन्हळीतून खाली, मागे कॉम्प्रेसरवरच्या ताटलीत पडतं आणि कॉम्प्रेसरच्या उष्णतेने उडून जातं. ह्यालाच फ्रॉस्ट फ्री म्हणतात. ह्या साखळीतली एक कडी तुटली, म्हणजे हीटर, त्याचा सेन्सर किंवा बायमेटल (तापमानानुसार हीटरची वीज जोडणारा-तोडणारा छोटा स्विच), फ्यूज, टायमर किंवा बोर्ड, की बर्फ साठत जातो आणि आठ-दहा दिवसांत हवा बंद. दार नीट न लागल्यानेही असाच बर्फ चढतो, म्हणून दाराचं रबरही बघा. दहाची नोट दारात अडकवा, दार लावा, ओढा. सहज निसटली तर त्या जागी रबर सैल आहे. चारही बाजूंनी करा.

आता दिव्यांचं. तुमच्या मॉडेलवरचे चार दिवे म्हणजे तुम्ही *मागितलेली* पातळी. आत *मिळालेलं* तापमान ते सांगत नाहीत. आकडे दाखवणाऱ्या बऱ्याच पॅनेलवरही ४ किंवा २ दिसतं ते आपण लावलेलंच असतं. म्हणून घरात सगळे म्हणतात, "दिवे तर लागलेत!" कॉइल बर्फात असताना चारही दिवे लावले की कॉम्प्रेसर थांबायचं नाव घेत नाही, बर्फ वाढतो आणि बिलही. म्हणून म्हटलं दोनवर आणा. बाजूचा पत्रा गरम लागतो त्याने घाबरू नका. कंडेन्सरच्या नळ्या त्या पत्र्यामागेच असतात, आतली उष्णता तिथूनच बाहेर पडते. उलट कॉम्प्रेसर सतत चालतोय आणि पत्रा अगदी थंड आहे, तर मात्र गॅसचा संशय घ्यावा.

उपाय: प्लग काढा. सामान हलवा. दोन्ही दारं उघडी ठेवून पूर्ण २४ तास बंद. खाली जुनी चादर टाका. सुरी, उलथनं, गरम पाणी, केसांचा ड्रायर काही नको. भिंत कोरडी दिसली तरी आतला गोळा उशिरा विरघळतो, म्हणून सहा तासांत चालू करू नका.

पायवाट | १४ एप्रिल, रात्री १०:०५

सुरीचं लिहिलंत ते बरं केलंत, कारण ते माझ्या हातून झालं आहे. आमचा सिंगल डोअर होता, डायरेक्ट कूल, म्हणजे बर्फ आपोआप न विरघळवणारा. फ्रीझरच्या कप्प्यात इंचभर बर्फ झाला होता, माशाची पिशवी चिकटली होती. मी सुरीचं टोक घालून उचकटायला गेले. बारीक फुस्स आवाज आला, तीन-चार सेकंद. त्या कप्प्याच्या पत्र्यातच गॅसच्या वाटा असतात हे मला तेव्हा माहीत नव्हतं. फ्रिज त्या दिवसापासून गार झालाच नाही, आणि दुरुस्तीचा खर्च ऐकून शेवटी नवीन घेतला.

सिंगल डोअर असणाऱ्यांसाठी: थर्मोस्टॅटच्या गोल खुंटीच्या मधोमध बटण असतं. बर्फ अर्ध्या बोटाएवढा जाड झाला की रात्री ते आत दाबायचं. कॉम्प्रेसर बंद राहतो, बर्फ विरघळतो, बटण आपोआप बाहेर येतं आणि फ्रिज पुन्हा सुरू होतो. ते बटण चुकून दाबलं गेलं असेल तरी "फ्रिज बंद पडला" असं वाटतं. आमच्या आईकडे दोनदा तसं झालं.

वऱ्हाडवारा | १५ एप्रिल, सकाळी ७:३०

नागपूरहून. आमच्याकडे प्रश्न वेगळा असतो. एप्रिल-मेमध्ये पारा ४५ च्या आसपास, आणि फ्रिज पश्चिमेच्या भिंतीला. फ्रिजच्या मागच्या किंवा आतल्या स्टिकरवर हवामानाचा वर्ग लिहिलेला असतो. एन म्हणजे १६ ते ३२ अंशांच्या खोलीसाठी, एसटी म्हणजे ३८ पर्यंत, टी म्हणजे ४३ पर्यंत. आमचा जुना फ्रिज एन होता. दुपारी तो कधीच पुरा पडायचा नाही आणि आम्ही दरवर्षी मेकॅनिक बोलवायचो. आता टी वर्गाचा घेतलाय, भिंतीपासून चार इंच पुढे ओढलाय, तक्रार नाही. विदर्भात, खानदेशात घेणाऱ्यांनी हे स्टिकर दुकानातच वाचावं.

दुसरं, स्टॅबिलायझरचे दिवे. आमच्यावर हिरवा म्हणजे सप्लाय ठीक, पिवळा म्हणजे थांबा, लाल म्हणजे विजेचा दाब फार कमी किंवा फार जास्त म्हणून तोडलाय. वीज आल्यावर पिवळा दोन-तीन मिनिटं राहतो, तेव्हा घरातले फ्रिज बिघडला म्हणून बटणं दाबत बसतात. एक प्रश्न: आमच्या गावच्या घरी फ्रिज दर चार-पाच मिनिटांनी "टक्" करतो, थोडं गुणगुणतो, परत टक्, आणि गार काहीच होत नाही. तिथे स्टॅबिलायझर नाही.

तीनफेज | १५ एप्रिल, दुपारी १:४०

ते टक् ओव्हरलोडचं आहे, म्हणजे कॉम्प्रेसर तापला की त्याची वीज तोडणाऱ्या छोट्या स्विचचं. कॉम्प्रेसर उठायचा प्रयत्न करतो, उठत नाही, तापतो, ओव्हरलोड त्याला तोडतो, निवला की पुन्हा जोडतो. तीन कारणं: विजेचा दाब कमी, कॉम्प्रेसरला सुरू करून देणारा रिले खराब, किंवा कॉम्प्रेसर आतून अडकलेला. संध्याकाळी, गावात सगळ्यांचे पंप-पंखे चालू असताना, त्याच प्लगवर मीटर लावून दाब मोजा. २३० च्या जागी १६०-१७० दिसला तर फ्रिजचा दोष नाही. दाब ठीक असेल तर आधी रिले बदलून बघायला सांगा, तो स्वस्त असतो. तोवर फ्रिज बंद ठेवा. तसाच टक्-टक् करत राहिला तर कॉम्प्रेसरची वाइंडिंग जळेल.

वीज गेल्यावर लगेच आली तर फ्रिज तीन ते पाच मिनिटं बंदच ठेवावा, हेही त्याच कारणाने. नळ्यांमधला गॅसचा दाब दोन्हीकडे सारखा व्हायला तेवढा वेळ लागतो, तोवर कॉम्प्रेसरला उठणं जड जातं.

काजवा | १५ एप्रिल, रात्री ८:५०

दिव्यांचाच विषय आहे तर आमचा अनुभव. नवीन फ्रिज आला, दिवे झगझगीत, आत लाइट, पंखा चालू, दोन दिवस झाले तरी पाणी कोमट. पॅनेलवर "ओ एफ ओ एफ" अशी अक्षरं. मी बंद करा असं समजून रोज बटण दाबत होतो. सॅमसंगच्या पॅनेलवर ह्याचा अर्थ दुकानात मांडून ठेवायची अवस्था, सगळं दिसतं पण कॉम्प्रेसर गार करत नाही. पुस्तिकेत दिलेली बटणं एकत्र दाबून धरली आणि अक्षरं गेली. तक्रार नोंदवायची गरजच नव्हती.

एलजीच्या आकड्यांच्या पॅनेलवर "ई आर" च्या पुढे अक्षरं येतात: डी एच म्हणजे डीफ्रॉस्ट हीटर, एफ एफ म्हणजे फ्रीझरचा पंखा, सी एफ म्हणजे मागचा कंडेन्सरचा पंखा. प्लग काढायच्या आधी मोबाइलवर फोटो काढून ठेवावा, कारण काही वेळा प्लग काढल्यावर अक्षरं जातात आणि मेकॅनिकला दाखवायला काही उरत नाही.

दिवे नुसते उघडझाप करत असतील तर व्हिडिओ घ्या आणि नंतर सावकाश मोजा: किती वेळा लागला, किती वेळ थांबला, परत किती वेळा. इन्व्हर्टर कॉम्प्रेसरच्या मागच्या बोर्डावरही असा एक बारीक दिवा असतो. पण बोर्डाला हात लावू नका, प्लग काढल्यावरही त्यात काही वेळ विजेचा साठा राहतो. आणि कन्व्हर्टिबल फ्रिज असेल तर आधी बघा, कुणी फ्रीझरचा फ्रिज तर केला नाही ना. तसं असेल तर बर्फ होणारच नाही.

खाडीकाठ | १६ एप्रिल, सकाळी ६:५५

चिपळूणहून. २२ जुलै २०२१ च्या पुरात आमचा फ्रिज पाच फूट पाण्यात होता. पाणी उतरल्यावर शेजाऱ्यांचा फ्रिज वरून स्वच्छ दिसत होता म्हणून त्यांनी प्लग लावला, बोर्ड धूर करून गेला आणि दाराच्या पत्र्याचा त्यांना शॉक बसला. जीव वाचला. पुरात बुडालेला फ्रिज चिखल धुऊन, उन्हात ठेवून चालू करू नये. इन्सुलेशनच्या फोमात पाणी राहतं ते दिसत नाही. आम्ही आमचा भंगारात दिला. दरवर्षी जूनमध्ये हे सांगावंसं वाटतं.

शेवंतीची_वेणी | १६ एप्रिल, सकाळी ११:२०

कालचा पूर्ण दिवस बंद ठेवला. तीनफेजदादा, तुम्ही चादर सांगितलीत, मी दोन चादरी आणि एक पितळी परात ठेवली तरी फरशी ओली झाली. संध्याकाळी सात वाजता आतून धप्प करून आवाज आला, बर्फाचा मोठा तुकडा खाली पडल्याचा. आज सकाळी चालू केला. पंखा आता गुळगुळीत चालतो. खालच्या फटींशी हात धरला तर गार झुळूक लागली, खरंच बरं वाटलं.

औषधाच्या दुकानातून फ्रिजमध्ये ठेवायचा थर्मामीटर आणला. पेल्यात पाणी घेऊन त्यात ठेवलाय, मधल्या फळीवर. रात्री आकडा कळवते. नोटेची चाचणी केली, रबर चारही बाजूंनी घट्ट आहे.

शेवंतीची_वेणी | १७ एप्रिल, सकाळी ७:०५

४ अंश. दिवे दोनच.

तीनफेज | १७ एप्रिल, सकाळी ७:५०

छान. पण इन्सुलिन आठवडाभर काकूंकडेच राहू द्या. बर्फ विरघळवला म्हणजे परिणाम घालवला, कारण अजून आत आहे की नाही ते दिवस सांगतील. दार चुकून उघडं राहून बर्फ झाला असेल तर आता महिनोन्महिने काही होणार नाही. हीटरची साखळी तुटली असेल तर दहा-बारा दिवसांत पुन्हा तोच खर्र आवाज येईल. रोज थर्मामीटर बघून एका कागदावर आकडा लिहा.

शेवंतीची_वेणी | २८ एप्रिल, रात्री ९:४०

आला आवाज. काल रात्रीपासून. माझ्या कागदावरचे आकडे: ४, ४, ४, ५, ४, ५, ५, ६, ७, ९, आणि आज ११. मागच्या भिंतीवर खाली पुन्हा पांढरं.

तीनफेज | २८ एप्रिल, रात्री १०:१०

म्हणजे डीफ्रॉस्टच. हा कागद मेकॅनिकला दाखवा. त्यांना सांगा: "बर्फ विरघळवल्यावर अकरा दिवस चालला, गॅस तपासू नका, आधी हीटर, बायमेटल आणि फ्यूज मीटरने तपासा." मीटर न आणणाऱ्याला परत पाठवा. हीटरवर काही शे ओम दिसायला हवेत; काहीच दिसलं नाही तर तार तुटली. स्वतः मागची भिंत उघडू नका, त्या हीटरला २३० व्होल्ट येतात.

शेवंतीची_वेणी | ३० एप्रिल, दुपारी ४:३०

झालं. दुसरे मेकॅनिक आले, वयाने लहान, पण आधी प्लग काढला आणि पिशवीतून मीटर काढलं, तेव्हाच मला धीर आला. मागची भिंत काढल्यावर मी स्वतः पाहिलं: कॉइल दिसतच नव्हती, पांढऱ्या विटेसारखा एक सलग गोळा. तो विरघळायला दोन तास गेले. हीटर चांगला निघाला. त्याच्या वायरीवरचा फ्यूज, सुपारीएवढा पांढरा तुकडा, तो उडालेला होता. त्यांनी बायमेटल आणि फ्यूज दोन्ही बदलले, एकत्रच येतात म्हणाले. जुने भाग मी मागून घेतले. सगळे मिळून ११५०.

उंबरठा | ३० एप्रिल, संध्याकाळी ६:००

ताई, खूप बरं वाटलं वाचून. आमच्या फ्रिजमध्ये गारवा ठीक आहे, पण भाजीच्या ट्रेखाली रोज पाणी साचतं. हेही त्याच्यातलंच का?

तीनफेज | ३० एप्रिल, रात्री ८:४५

नाही, तुमची पन्हळ तुंबली आहे. फ्रीझरचं विरघळलेलं पाणी मागे ताटलीत जायच्या ऐवजी आत उतरतंय. खालच्या कप्प्यात मागच्या भिंतीला भोक दिसत असेल तर प्लग काढून मोठ्या सिरिंजने कोमट पाणी हळूहळू सोडा. बहुधा कोथिंबिरीचं पान किंवा शेवाळ निघेल. पाणी मागच्या ताटलीत पडल्याचा आवाज आला की वाट मोकळी झाली. भोक दिसत नसेल तर ते फ्रीझरच्या भिंतीआड आहे, तिथे मेकॅनिकच लागेल.

शेवंतीची_वेणी | १९ मे, सकाळी ७:१५

वीस दिवस झाले. आज सकाळी ४ अंश. इन्सुलिन काकूंकडून आणून मधल्या फळीवर, स्टीलच्या डब्यात, मागच्या भिंतीपासून चार बोटं पुढे ठेवलंय. थर्मामीटरचा पेला तिथेच शेजारी आहे. रोजचा आकडा आता सासूबाई स्वतः लिहितात.